दोन्ही रकान्यांतली पोरगी

मी ढ नाही, हे आधीच सांगून ठेवते. दहावीला गणितात मला बासष्ट मार्क होते, आणि तेव्हा आमच्या गल्लीत बासष्ट म्हणजे पेढे वाटायचे मार्क. गेली एकवीस वर्षं मी कोल्हापुरात अंगणवाडी चालवते. रोज तीस-पस्तीस पोरं मोजते, त्यांची वजनं घेते, उंच्या घेते, महिन्याच्या महिन्याला अहवाल देते. आकडा बघून घाबरणारी बाई मी नव्हे. पण चव्वेचाळिसाव्या वर्षी एका गणितानं मला असं रडवलं, की अजून कुणी नुसतं ‘शेकडा’ म्हटलं तरी माझं डोकं फिरतं.

परीक्षा होती पर्यवेक्षिकेची. पर्यवेक्षिका म्हणजे आमच्यासारख्या वीस-पंचवीस अंगणवाड्यांवर देखरेख करणारी मॅडम. परीक्षा फक्त आम्हा सेविकांसाठी होती, जागा थोड्या होत्या, आणि वयाची अट पंचेचाळीस. मला पंचेचाळीस पूर्ण व्हायला परीक्षेनंतर दोन महिने उरत होते. म्हणजे पहिली संधी तीच आणि शेवटचीही तीच.

मला ती खुर्ची पाहिजे होती. खोटं कशाला बोलू? एकवीस वर्षं मी वीतभर उंचीच्या लाल खुर्च्यांच्या मधे सतरंजीवर बसले. त्या खुर्च्या पोरांच्या, आणि सतरंजी माझी. गुडघे कामातनं गेले. मॅडम तपासणीला आल्या की मी गुडघ्यावर हात टेकून ‘आई गं’ म्हणत उठायची आणि त्या म्हणायच्या, “बसा बसा, बाई.” पण उठल्याशिवाय चालायचं नाही. एकदा तरी कुणीतरी माझ्यासाठी उठावं आणि मी ‘बसा बसा’ म्हणावं, एवढीच माझी हाव होती.

मराठी, सामान्य ज्ञान, आमच्या योजनांची माहिती, हे सगळं मला पाठ होतं. गणितही बरं चाललं होतं. नफा-तोटा आला, काळ-काम-वेग आलं. मग एका रविवारी दुपारी माझ्या पोरीनं पुढचा धडा काढला. ती इंजिनिअरिंगला आहे, दुसऱ्या वर्षाला, आणि आईला शिकवायची जबाबदारी तिनं मोठ्या तोऱ्यात घेतली होती. तिनं वाचलं: “एका परीक्षेत पस्तीस टक्के मुलं गणितात नापास झाली, पंचेचाळीस टक्के इंग्रजीत नापास झाली आणि वीस टक्के दोन्ही विषयांत नापास झाली. तर दोन्ही विषयांत पास झालेली मुलं किती टक्के?”

मी तोंडीच बेरीज केली. पस्तीस आणि पंचेचाळीस ऐंशी. ऐंशी आणि वीस शंभर.

“आत्ता गं बया! सगळीच नापास?” मी म्हणाले. “मास्तर काय झोपा काढत होता काय?”

पोरगी हसली. तिला वाटलं मी गंमत करतेय. मग माझं तोंड बघून तिचं हसू गेलं.

“आई, चाळीस टक्के पास आहेत. जे वीस दोन्हीत नापास आहेत ना, ते पस्तिसातपण आहेत आणि पंचेचाळिसातपण आहेत. तू त्यांना तीनदा मोजलंस.”

“तीनदा कशाला मोजीन? दोन्हीतली वेगळी सांगितलीत की त्यानं.”

“वेगळी नाहीत सांगितली.”

“मग हे वीस काय आभाळातनं पडले?”

तिनं कागदावर दोन गोल काढले, एकमेकांत थोडे घुसलेले. मधल्या भागात वीस लिहिलं. मला त्यात एकीवर एक पडलेल्या दोन भाकरी दिसल्या. ती सांगत राहिली, मी मान हलवत राहिले, आणि पुढचं गणित आलं की परत तिन्ही आकड्यांची बेरीज करून मोकळी. साठ टक्के घरांत गाय, पन्नास टक्के घरांत म्हैस, वीस टक्के घरांत दोन्ही. माझं उत्तर एकशेतीस. पोरीनं पेन टेबलावर आपटलं.

“शंभरातली एकशेतीस घरं, आई! एकशेतीस!”

पालथ्या घड्यावर पाणी म्हणतात ते हेच. आणि घडा मी होते.

नवऱ्याचं शाहूपुरीत मोटर रिवाइंडिंगचं दुकान आहे. जळालेली मोटर उघडायची, तांब्याची तार नव्यानं गुंडाळायची, हे काम. ते संध्याकाळी आले आणि आमचा आवाज ऐकून दारातच थांबले. “काय चाललंय? गल्लीच्या टोकापत्तोर ऐकू येतंय.” पोरीनं सांगितलं. ते म्हणाले, “आडात न्हाई तर पोहऱ्यात कुठनं येणार?”

मग माझा पारा चढला. “तुमी एवढं शहाणे हायसा तर करून दाखवा की!”

त्यांनी हात धुतले, चष्मा लावला, पहिलं गणित दोनदा वाचलं. बोटांवर काहीतरी केलं. “शून्य,” ते म्हणाले. “सगळी नापास.”

पोरीनं कपाळावर हात मारून घेतला. मला मात्र त्या दिवसातलं पहिलं सुख मिळालं.

कुठं घोडं पेंड खातंय ते मला पुढच्या आठवड्यात कळलं, अहवाल भरताना. आमच्या महिन्याच्या अहवालात रकाने असायचे: वजन कमी असलेली मुलं, उंची कमी असलेली मुलं, दोन्ही कमी असलेली मुलं, आणि शेवटी एकूण. मी नोकरीला लागले त्याच्या पहिल्याच महिन्यात मी एका पोराला वजनातही धरलं होतं आणि उंचीतही, कारण ते दोन्हीत कमी होतं. तेव्हाच्या मॅडमनी बैठकीत, सगळ्या बायकांसमोर, माझा अहवाल टराटरा फाडला. “एक पोर एकाच रकान्यात!” त्या म्हणाल्या. “एकूण चुकलं तर मी काय उत्तर देऊ?” घरी येईपर्यंत मी रडत होते. त्यानंतर एकवीस वर्षांत मी एकही पोर दोनदा लिहिलं नाही. ‘वजन कमी’ म्हणजे फक्त वजन कमी. ‘फक्त’ हा शब्द कागदावर कुठंच नसायचा. तो आम्ही मनात धरायचो.

आणि गणितातही मी तो मनात धरत होते. पस्तीस टक्के गणितात नापास म्हणजे फक्त गणितात. मला गणित येत नव्हतं असं नाही, मी गणिताचा अहवाल भरत होते.

हे पोरीला सांगितलं तेव्हा तिला आनंद झाला. “झालं तर मग! ‘फक्त’ काढून टाक डोक्यातनं.” जणू डोकं म्हणजे तिच्या बापाच्या दुकानातली मोटर, जुनी तार काढली आणि नवी गुंडाळली. एकवीस वर्षांचं एका रविवारी निघतंय होय?

मी माझ्या परीनं उपाय काढला. अंगणवाडीत पोरांना आकडे शिकवायला माझ्याकडे डबाभर चिंचोके आहेत. त्यातले शंभर मोजून घरी आणले. परातीत पसरले. प्रत्येक चिंचोका म्हणजे एक पोर. जे गणितात नापास त्याला कुंकवाचं बोट, जे इंग्रजीत नापास त्याला हळदीचं. आधी दोन्हीवाले वीस काढले आणि त्यांना हळद-कुंकू दोन्ही लावलं. मग कुंकवाचे पस्तीस पूर्ण व्हायला आणखी पंधरा. हळदीचे पंचेचाळीस व्हायला आणखी पंचवीस. बोटं लाल-पिवळी झाली, पण परातीत कोरे राहिलेले चिंचोके मोजले तर बरोब्बर चाळीस! मी ओरडलेच. नवरा बघायला आला आणि म्हणाला, “कुणाची ओटी भरायलीस?”

परातीपुढे बसले की मला ते लख्ख दिसायचं. वीस चिंचोक्यांच्या अंगावर दोन रंग असायचे आणि तरी चिंचोके वीसच. पण कागदावर नुसते आकडे आले की ‘फक्त’ परत येऊन बसायचा. आणि परातीतल्या एका गणिताला मला पंधरा मिनिटं लागायची. परीक्षेत शंभर प्रश्न आणि दीड तास. पोरगी म्हणाली, “चिंचोक्यांच्या जागी ठिपके काढ. रफ कागद देतात.” ठिपक्यांवर मी सात मिनिटांपर्यंत आले. त्याच्या खाली काही येईना. घाईत ठिपके चुकायचे, परत मोजायचे.

सूत्र पाठ करून पाहिलं. पण ‘नापास’च्या जागी ‘पास’ आलं, की सूत्र उलटं होतं का सुलटं, तेच कळेना. पोरगी दमली. एका संध्याकाळी तिनं पुस्तक मिटलं आणि हळू आवाजात म्हणाली, “आई, हे सोडून दे ना. एखाद-दुसराच प्रश्न येतो.” रागावली असती तर बरं झालं असतं. तिला माझी कीव आली होती, ते मला लागलं.

या सगळ्यात माझ्या अंगणवाडीत एक पोरगी होती, तिच्याबद्दल सांगायला हवं. चार वर्षांची, पलीकडच्या गल्लीतली. आई चार घरची धुणी-भांडी करते. पोरगी अंगानं एवढीशी, वजनात कमी आणि उंचीतही कमी, म्हणजे माझ्या तिसऱ्या रकान्यातली. पण तोंडाचा पट्टा दिवसभर चालू. खिचडी वाढताना कुणाला चमचाभर जास्त गेलं तर आधी हिला दिसायचं. “बाई, त्याला दोनदा वाढलासा!” वजनकाट्यावर उभी राहायची आणि काटा थांबायच्या आधीच विचारायची, “वाढलं काय माझं?” मी म्हणायची, “वाढलं गं, वाढलं.” बहुतेक वेळा वाढलेलं नसायचं.

परीक्षा संगणकावर होती. गावाबाहेरच्या एका कॉलेजात केंद्र आलं. बांगड्या काढून ठेवायला लावल्या, केसातल्या पिनासुद्धा. चिंचोके असते तर तेही काढले असते. पहिला तास झकास गेला. मग ते आलं. ‘एका गावात चाळीस टक्के महिलांना शिवणकाम येते, तीस टक्के महिलांना विणकाम येते, दहा टक्के महिलांना दोन्ही येते. दोन्ही न येणाऱ्या महिला किती टक्के?’ माझं डोकं एकवीस वर्षांच्या सवयीनं पळालं. चाळीस, तीस, दहा, ऐंशी. उरल्या वीस. खाली पर्यायांत वीस होतेच. प्रश्न काढणाऱ्यानं माझ्यासारखीसाठीच ते ठेवले होते. मी खुशीनं वीसवर टिचकी मारली आणि पुढे गेले.

पाच-सहा प्रश्नांनी दुसरं आलं. ‘एका वर्गातील ऐंशी टक्के मुले खो-खो खेळतात, पंचावन्न टक्के कबड्डी खेळतात, पाच टक्के काहीच खेळत नाहीत. दोन्ही खेळणारी किती?’ हे बघितलं आणि मला घाम फुटला, कारण इथं दोन्हीवाले दिलेच नव्हते. मी रफ कागदावर दहा ओळी मांडल्या, ओळीत दहा ठिपके. पाच खोडले. ऐंशींना उभी रेघ. राहिलेल्या पंधरांना आडवी. मग पंचावन्न पूर्ण व्हायला उभ्या रेघांवरच चाळीस आडव्या रेघा मारत सुटले. देखरेख करणारा मुलगा दोनदा माझ्यामागं येऊन थांबला. त्याला वाटलं असेल, बाई रांगोळी काढतेय. उत्तर चाळीस आलं, आणि ते बरोबर होतं, शपथेवर सांगते. मान वर केली तर पडद्यावर चार मिनिटं उरली होती आणि अकरा प्रश्न. काही वाचले, काही डोळे मिटून दाबले. मग पडदा आपोआप बंद झाला.

बाहेर माझी पोरगी उभी होती. मी तिला शिवण-विणकामाचं गणित सांगितलं आणि उत्तर वीस सांगितलं. तिनं माझ्या बांगड्या पर्समधनं काढून माझ्या हातात दिल्या. तेव्हा कळलं. चाळीस. उत्तर चाळीस होतं.

निकाल लागेपर्यंत मला पंचेचाळीस पूर्ण झाली होती. चार मार्कांनी माझं नाव यादीत आलं नाही. दोन प्रश्नांचे मार्क ते. नवरा त्या दिवशी दुकान लवकर बंद करून आला, येताना मिसळ आणली, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यानं म्हण टाकली नाही. मी मिसळ खाल्ली आणि मोरीत जाऊन पोटभर रडले.

आमच्याकडे नव्या मॅडम आल्या त्या त्याच यादीतल्या. जयसिंगपूरकडच्या, वय तीस, सहा वर्षं सेविका म्हणून काढलेली. कानामागून आली अन् तिखट झाली, असं मी मनात म्हटलंही. पण स्वभावानं चांगली होती, तिच्यावर राग धरता येईना. पहिल्या दिवशी ती अंगणवाडीत आली तेव्हा मी गुडघ्यावर हात टेकून उठले. ती म्हणाली, “बसा बसा, बाई.”

तिच्यासोबतच नवी पद्धत आली. आता कागद नाही, मोबाईल. आणि मोबाईलमध्ये रकाने दोनच: वजन कमी, उंची कमी. ‘दोन्ही’चा रकाना गेला. जे पोर दोन्हीत कमी, त्याची नोंद दोन्हीकडे करायची. मी महिन्याची माहिती भरली. वजन कमी पाच, उंची कमी तीन. माझी ती तोंडाळ पोरगी पाचातही होती आणि तिनातही. चार दिवसांनी मॅडमचा फोन आला.

“बाई, तुमच्याकडची कमी वाढीची आठ मुलं दिसतायत. शुक्रवारी डॉक्टरांचं शिबिर आहे. आठही पाहिजेत. तुम्ही सातच नावं पाठवलीत. आठवं कुठाय?”

“सातच हायत, मॅडम.”

“पाच आणि तीन आठ होतात, बाई.”

आणि माझा तोल सुटला. कुठून आलं कुणास ठाऊक, पण भसाभसा बोलले. “अहो, एक पोरगी दोन्हीकडं हाय! पाचात पण तीच, तिनात पण तीच. पाच आणि तिनाची बेरीज केलीसा तवा ती दोनदा आली की नाही? मग एकदा वजा करा तिला! पोरगी एकच हाय, तिला दोनदा कशाला मोजताय?”

बोलले आणि माझ्याच बोलण्याकडं माझं लक्ष गेलं. बेरीज करा, दोन्हीकडचे एकदा वजा करा. घरी माझ्या पोरीनं दोन महिने जीव तोडून जे सांगितलं होतं, ते मी एका दमात सांगून मोकळी झाले होते. ना चिंचोके, ना ठिपके. बैल गेला आणि झोपा केला.

मॅडम हसल्या, अगदी मनापासून. “मला कळतंय हो, बाई. पण काय छान समजावलंत! परीक्षेत हेच गणित आलं होतं, माहितीये?”

“आलतं की, मॅडम,” मी म्हणाले. “मलाबी आलतं.”

त्यांचं हसू थांबलं. त्यांना माझं वय आणि ती यादी आठवली असावी. मग त्या खालच्या आवाजात म्हणाल्या, “बाई, माझ्यापण हातात नाही हो. वर आठ गेलंय. आता दुरुस्ती पुढच्या महिन्यातच होते. आठ हजर दाखवले नाहीत तर मलाच नोटीस येईल. काहीतरी करा.”

शुक्रवारी मी पोरं घेऊन गेले. यादी मॅडमनीच केली होती, आणि आठव्या ओळीतही माझ्या त्या पोरीचंच नाव घातलं होतं. सात पोरांचं वजन झालं, उंची झाली, डॉक्टरांनी डोळे-जीभ बघितली. पोरगी खुशीत होती. काट्यावरनं उतरून ती सतरंजीवर बसली होती आणि मिळालेला राजगिऱ्याचा लाडू खात होती. तेवढ्यात आठवं नाव पुकारलं. मी तिचा हात धरून उठवलं आणि परत रांगेत उभं केलं.

तिनं आधी काट्याकडं बघितलं, मग माझ्याकडं.

“बाई, मला आत्ताच मोजलं की.”

“व्हय गं,” मी म्हणाले. “उभी ऱ्हा.”